काझोर्लाला नुसत्या टाचेत अडकवू नका

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मध्यंतरी आपल्या क्रीडा पानावर स्पेनचा फुटबॉलपटू सांती काझोर्ला याच्यावर मजकूर आला होता, फोटोही चांगला मोठा होता. मिडफिल्डरला एवढी जागा हल्ली देतं कोण, त्यामुळे आधी आभार. पण अख्खा मजकूर टाचेवर! ऑपरेशन, इन्फेक्शन, हातावरची कातडी पायाला लावली, मग कमी पगारात गावच्या क्लबकडून खेळला, वा वा काय माणूस, संपलं. तो खेळायचा कसा हे एका वाक्यातही नव्हतं. आणि ओव्हिएदोला, म्हणजे त्याच गावच्या क्लबकडे, तो परत का आला याचं कारणही 'दिलदारपणा' एवढंच दिलं होतं, ते मला अर्धवट वाटलं. मी आर्सेनलवाला आहे, लंडनच्या त्या क्लबचा चाहता, हे आधीच सांगून टाकतो, त्यामुळे थोडा पक्षपात धरूनच वाचा.

माझं म्हणणं असं आहे की या माणसाच्या करिअरमध्ये पुन्हा पुन्हा क्लबच्या हिशोबाच्या वहीने ठरवलं की तो कुठे खेळणार, आणि अगदी शेवटी एकदा त्याने स्वतः ठरवलं. हे लक्षात घेतलं नाही तर ओव्हिएदोची गोष्ट उगाच साधुसंताची गोष्ट होऊन बसते.

सुरुवातीपासून सांगतो. 13 डिसेंबर 1984 चा जन्म, स्पेनच्या उत्तरेला अस्तुरियास म्हणून भाग आहे तिथल्या यानेरा भागातला, ओव्हिएदो शहर अगदी जवळ. उंची 1.68 मीटर, म्हणजे फुटबॉलवाल्यांच्या भाषेत बुटकाच. रियाल ओव्हिएदोच्या अकॅडमीत लहानपणापासून वाढला, स्वप्न एकच की कार्लोस तार्तिएरे स्टेडियमवर फर्स्ट टीमकडून उतरायचं. आणि नेमका तो अठरा वर्षांचा झाला तेव्हा क्लबचं दिवाळं वाजलं. 2001 मध्ये ला लीगातून, म्हणजे स्पेनच्या सगळ्यात वरच्या लीगमधून, खाली आले होतेच, 2003 मध्ये दुसऱ्या डिव्हिजनमधूनही खाली गेले, वर खेळाडूंचे पगार थकलेले, म्हणून शिक्षा म्हणून अजून एक पायरी खाली, थेट चौथ्या स्तरावर. शहराच्या नगरपालिकेनेसुद्धा पाठ फिरवून दुसऱ्याच एका क्लबला जवळ केलं. अशा वेळी अकॅडमीतल्या पोरांनी करायचं काय? जो तो वाट फुटेल तिकडे गेला. काझोर्ला गेला विल्यारेआलला. त्याने घर सोडलं नाही हो, घरच त्याच्या डोक्यावर कोसळलं, आणि हे तुमच्या मजकुरात दोन ओळीतही नव्हतं.

विल्यारेआल म्हणजे पन्नास हजार वस्तीचं गाव, टाइल्सच्या कारखान्यांचं. तिथे तो घडला. 2006 मध्ये त्याला रेक्रेआतिव्हो दे ह्युएल्व्हा या नुकत्याच वर आलेल्या छोट्या क्लबला देऊन टाकलं, पण परत विकत घ्यायचा हक्क विल्यारेआलने राखून ठेवला होता. त्या सिझनला ह्युएल्व्हाने बर्नाबेऊवर जाऊन रियाल माद्रिदला 3-0 हरवलं, लीगमध्ये आठवे आले, आणि विल्यारेआलने लगेच हक्क वापरून त्याला घरी आणला, बरोबरच केलं. पुढच्याच वर्षी, 2007-08 ला, विल्यारेआल लीगमध्ये दुसरे आले. बार्सिलोनाच्या वर! मॅनेजर मॅन्युएल पेलेग्रिनी. रियाल माद्रिदकडून विचारणा आली तर पठ्ठ्याने नाही म्हटलं. आत्ता कोणी असं नाही म्हटलं तर लोक वेड्यात काढतील.

2008 चा युरो, म्हणजे युरोपातल्या देशांची स्पर्धा. मेच्या शेवटी पेरूविरुद्ध पहिली इंटरनॅशनल मॅच, तीही ह्युएल्व्हालाच, आणि जेमतेम तीन आठवड्यांनी, 22 जूनला, व्हिएन्नात इटलीविरुद्धच्या क्वार्टर फायनलची पेनल्टी शूटआऊट. समोर इटलीचा गोलकीपर बुफॉन. व्हियाने पहिली मारली, दुसरी मारायला हा 23 वर्षांचा पोरगा. मारली. स्पेन त्या काळापर्यंत क्वार्टर फायनलला हमखास गळपटणारी टीम होती, इटलीला मोठ्या स्पर्धेत हरवणं म्हणजे त्यांच्यासाठी जुनं दुखणं, ते त्या रात्री संपलं. सगळ्यांना फाब्रेगासची शेवटची पेनल्टी आठवते, साहजिक आहे. ही 22 जून तारीख मात्र लक्षात ठेवा, पुढे लागेल. फायनलला तो दाविद सिल्वाच्या जागी उतरला, स्पेन युरो चॅम्पियन. 2010 चा वर्ल्ड कप पाठीच्या दुखण्याने हुकला, तोच नेमका स्पेनने जिंकला, आणि 2012 च्या युरोला परत टीममध्ये, परत चॅम्पियन. एकूण 81 मॅच. शावी, इनिएस्ता, बुस्केट्स, शाबी अलोन्सो, सिल्वा, फाब्रेगास एवढी गर्दी असताना 81! दुसऱ्या कुठल्याही देशात किंवा दुसऱ्या कुठल्याही दहा वर्षांत हा माणूस टीमचा पहिला नंबर असता असं माझं ठाम मत आहे, भांडायचं तर भांडा.

2011 ला हिशोबाची वही पुन्हा उघडली. स्पेनमधलं बांधकाम कोसळलं तसा टाइल्सचा धंदाही आपटला आणि विल्यारेआलला पैशांची निकड लागली. काझोर्लाला सुमारे 2 कोटी युरोला मालागाला विकलं. तो गेल्यावर विल्यारेआल त्याच सिझनला, 2012 मध्ये, दुसऱ्या डिव्हिजनमध्ये घसरले. फक्त त्याच्यामुळे असं म्हणणार नाही, त्यांचा स्ट्रायकर रोस्सीचा गुडघाही गेला होता, पण चार वर्षांपूर्वी लीगमध्ये दुसरी आलेली टीम होती ती.

मालागात कतारचा शेख मालक, पैशाचा पाऊस, पेलेग्रिनी परत मॅनेजर, टीम लीगमध्ये चौथी आली आणि मालागा पहिल्यांदाच चॅम्पियन्स लीगला, म्हणजे युरोपातल्या मोठ्या क्लबांच्या स्पर्धेला, पात्र ठरली. आणि मग नळ बंद! खेळाडूंचे पगार थकले, देणी थकली. पोराच्या नशिबात बघा, अठराव्या वर्षी ज्या कारणाने घर सुटलं तेच कारण सत्ताविसाव्या वर्षी परत दारात. ऑगस्ट 2012 ला मालागाने घाईघाईने त्याला आर्सेनलला विकला, म्हणजे ज्याने चॅम्पियन्स लीग मिळवून दिली त्यालाच तिथे मालागाकडून खेळायला मिळालं नाही. ती टीम पुढे क्वार्टर फायनलपर्यंत गेली आणि डॉर्टमुंडविरुद्ध शेवटच्या मिनिटांत हरली, ती मॅच बघताना माझ्या डोक्यात सारखं हेच, की हा असता तर बॉल जरा पायाखाली ठेवला असता हो कोणीतरी.

आता खेळाबद्दल, कारण पत्र त्यासाठीच लिहितोय. काझोर्लाचा खरा पाय कुठला हे बघणाऱ्याला सांगता येत नसे. डाव्या बाजूचा कॉर्नर उजव्या पायाने आणि उजव्या बाजूचा डाव्या पायाने मारायचा, दोन्ही सारखेच घुमायचे. तुम्ही म्हणाल दोन पायाने खेळणारे बरेच आहेत. आहेत, पण बहुतेकांचा एक पाय कामापुरता असतो. याचा फायदा कॉर्नरपेक्षा जास्त मिडफिल्डमध्ये दिसायचा. अंगावर येणारा डिफेंडर नेहमी समोरच्याचा चांगला पाय झाकायला येतो, तसंच शिकवलेलं असतं. इथे झाकणार काय? डावीकडून झाकलं तर उजवीकडून निसटायचा, उजवीकडून आलात तर डावीकडे, आणि बॉल पायापासून वीतभरही लांब जाऊ द्यायचा नाही. बॉल यायच्या आधी खांद्यावरून मागे एक नजर टाकायची, बॉल घेतानाच अंग अर्धं वळलेलं असायचं, पहिला टच म्हणजेच सुटका. धिप्पाड माणूस पाठीवर आला की हा खाली बसल्यासारखा व्हायचा आणि त्याच्या काखेखालून निघून जायचा. पळण्याचा वेग म्हणाल तर बेताचाच, पण वळायला लागणारी जागा एवढीशी.

आणि त्याची जागासुद्धा बदलत गेली, हे किती लोकांच्या लक्षात आलं माहीत नाही. विल्यारेआलला विंगवर. आर्सेनलला पहिल्या वर्षी स्ट्रायकरच्या मागे दहा नंबरसारखा. मग ओझिल आला तेव्हा हा डावीकडे सरकला, तोंडातून ब्र नाही. आणि मग 2014-15 ला, आर्टेटा जखमी असताना, मॅनेजर वेंगरने त्याला सरळ मागे आणला, कोकलँच्या शेजारी, डिफेन्सच्या पुढ्यात. 1.68 चा माणूस प्रीमियर लीगमध्ये डिफेन्सच्या पुढ्यात! लोक हसले होते. 18 जानेवारी 2015 ला मँचेस्टर सिटीच्या मैदानावर आर्सेनल 2-0 जिंकलं, ती मॅच कुठे मिळाली तर परत बघा. पहिला गोल याची पेनल्टी, दुसरा याच्या फ्रीकिकवर जिरूचं हेडर, पण ते जाऊ द्या. बघायचं ते हे की सिटीचे लोक प्रेस करायला येतात, याह्या तूरे वगैरे मंडळी गायब होती तरी टीम तगडीच होती, आणि हा आपल्याच पेनल्टी बॉक्सच्या बाहेर बॉल घेऊन दोघांच्या मधून गोल फिरून बाहेर पडतो, एकदा नाही, परत परत. त्या काळचं आर्सेनल मोठ्या टीमच्या मैदानावर जाऊन मार खाऊन यायचं, 6-0, 5-1, 6-3 असले स्कोअर, आम्ही ते सोसलेत. त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं की आपल्याकडे असा कोणीतरी आहे ज्याच्याकडे बॉल दिला की श्वास घेता येतो.

आणि 17 मे 2014, वेम्बली, एफए कप फायनल. नऊ वर्षं ट्रॉफी नाही, समोर हल सिटी, आठ मिनिटांत 0-2. मी टीव्ही बंद करायला उठलो होतो. सतराव्या मिनिटाला फ्रीकिक, काझोर्लाने उजव्या पायाने मारली, हलचा गोलकीपर मॅकग्रेगरचा हात लागला तरी बॉल आत. मग कोसिएल्नी, मग जादा वेळेत रॅम्सी, 3-2. रॅम्सीचा गोल सगळे दाखवतात. पण ती फ्रीकिक गेली नसती तर त्या दिवशी काय झालं असतं याचा विचारही नको. 2015 ला ॲस्टन व्हिलाला 4-0 हरवून परत कप. आर्सेनलसाठी एकूण 180 मॅच, 29 गोल. आकडा बघून कोणाला काहीच कळणार नाही, म्हणूनच तर बोलतोय.

बरं, टाच. टाळून चालणार नाही. 2013 मध्ये चिलीविरुद्धच्या मैत्रीपूर्ण सामन्यात घोट्याला लागलं होतं तिथून दुखणं सुरू झालं, तो तसाच खेळत राहिला. त्याने नंतर मुलाखतीत सांगितलंय, पहिला हाफ अंग गरम असताना निभायचा, हाफटाइमला बसला की घोटा थंड पडायचा आणि रडू यायचं. 19 ऑक्टोबर 2016 ला लुडोगोरेट्सविरुद्ध आर्सेनल 6-0 जिंकलं, ती त्याची आर्सेनलसाठीची शेवटची मॅच ठरली, कोणाला तेव्हा कल्पनाही नव्हती. मग ऑपरेशनवर ऑपरेशन, टाके घालायचे आणि जखम परत उघडायची, कारण आत इन्फेक्शन होतं आणि ते वेळेत कोणाला सापडलं नाही. इंग्लंडमध्ये त्याला सांगण्यात आलं होतं की मुलाबरोबर बागेत चालता आलं तरी समाधान मान. शेवटी स्पेनमध्ये विटोरियाला डॉ. मिकेल सांचेझ यांच्याकडे गेला, त्यांनी पाय उघडला तर बॅक्टेरियाने टाचेचं हाड पोखरलेलं आणि टाचेमागची अकिलीसची शीर आठ सेंटीमीटर खाऊन टाकलेली. आठ सेंटीमीटर म्हणजे तुमच्या हाताचं मधलं बोट बघा, साधारण तेवढं. मग शीर नव्याने बांधली, डाव्या हाताची कातडी काढून घोट्यावर लावली, त्या कातडीवर मुलीचं नाव गोंदलेलं होतं त्यातलं अर्धं घोट्यावर गेलं, आणि हाताची भर मांडीच्या कातडीने केली. वेंगर म्हणाले होते की आपण पाहिलेली ही सगळ्यात वाईट दुखापत. त्याच वेंगरनी ऑपरेशनच्या आधी त्याचा काँट्रॅक्ट एक वर्ष वाढवून ठेवला होता, म्हणजे पोरगा निदान पगाराची काळजी न करता बरा होवो. ज्याच्या आयुष्यात पगार थकवणारे क्लब येऊन गेले त्याला याची किंमत किती वाटली असेल बघा. वेंगरवर आम्ही लोकांनी शेवटी शेवटी फार तोंडसुख घेतलं, पण ही गोष्ट कळल्यावर जरा गप्प बसलो.

सालामान्काला रिहॅब केलं आणि 17 जुलै 2018 ला, 636 दिवसांनी, विल्यारेआलच्या शर्टात एका प्रॅक्टिस मॅचला उतरला. इथे येऊन सगळे लेख थांबतात, कमबॅक झाला, टाळ्या. पण यानंतर त्याने केलं काय ते बघा ना! जानेवारी 2019 ला रियाल माद्रिदविरुद्ध 2-2 झाली त्यातले दोन्ही गोल याचे, एक लांबून आणि एक हेडरने, हेडरने म्हणतोय मी, उंची वर दिलीच आहे. त्याच वर्षी स्पेनच्या टीममध्ये परत बोलावलं, नोव्हेंबरला माल्टाविरुद्ध गोल. 2019-20 ला विल्यारेआलसाठी लीगमध्ये 11 गोल, टीम पाचवी. हे सहानुभूतीचे आकडे नाहीत, पस्तिसाव्या वर्षी दोन्ही पाय धड असलेल्या माणसालासुद्धा जमणार नाहीत असे आहेत. मग तीन वर्षं कतारला अल सादकडून, सुरुवातीला मॅनेजर म्हणून शावीच. तिथे पैसे चांगले मिळाले असणार, मिळायलाच हवे होते.

म्हणूनच ऑगस्ट 2023 ला तो ओव्हिएदोला परतला तेव्हा 'फुकट खेळतो' हा जो गाजावाजा झाला तो मला जरा खटकतो. त्याला फुकटच खेळायचं होतं, पण नियमाप्रमाणे दुसऱ्या डिव्हिजनचा किमान पगार घ्यावाच लागतो म्हणून तेवढाच घेतला, आणि त्याच्या नावाच्या शर्टांच्या विक्रीतले 10 टक्के क्लबच्या अकॅडमीला द्या अशी अट घातली. छानच आहे. पण प्रीमियर लीग आणि कतारमध्ये कमावलेल्या माणसाला पगाराचा त्याग म्हणजे काही फार मोठी गोष्ट नाही, तोही तसं मिरवत नाही. मला त्यातली अकॅडमीची अट महत्त्वाची वाटते, कारण 2003 ला पैसे नाहीत म्हणून अकॅडमीची पोरं पांगली त्यातला तो एक. शिवाय हे काही अचानक आलेलं प्रेम नव्हतं. 2012 मध्ये ओव्हिएदो परत बुडायला आला होता, तेव्हा क्लबने शेअर विकायला काढले, जगभरातून अनोळखी लोकांनी ते घेतले, आणि अकॅडमीतून गेलेले काझोर्ला, माता आणि मिचू यांनीही घेतले. तिघेही तेव्हा प्रीमियर लीगमध्ये, क्लब मात्र तिसऱ्या डिव्हिजनमध्ये.

आणि परतल्यावर तो काही गेटवर उभा राहून सह्या देत बसला नाही. 2024 ला ला लीगात वर जायच्या प्लेऑफच्या फायनलमध्ये एस्पान्योलकडून हरले. तेव्हा 39 वय, बास म्हटलं असतं तर कोणी नाव ठेवलं नसतं. पुढच्या वर्षी तिसरे आले, परत प्लेऑफ. सेमीफायनलला अल्मेरियाविरुद्ध घरच्या मैदानावर मागे पडले असताना याने फ्रीकिकवर बरोबरी साधली. फायनल मिरांदेसशी, पहिली मॅच तिकडे 0-1 हरले. दुसरी तार्तिएरेवर, 21 जून 2025, तीस हजारांचं स्टेडियम भरलेलं आणि पहिला गोल पाहुण्यांचाच. म्हणजे दोन्ही मॅच मिळून 0-2. चोवीस वर्षं वाट बघणारं शहर, आवाज पार बसला होता. हाफटाइमच्या थोडं आधी पेनल्टी मिळाली. मारायला कोण? 40 वर्षांचा काझोर्ला. व्हिएन्नाची ती पेनल्टी 22 जून 2008 ची, ही 21 जून 2025 ची, सतरा वर्षांना एक दिवस कमी. मधल्या काळात पाय नव्याने बांधून झालाय, कातडी हाताची आहे, आणि चुकली तर खेळ खलास, तेही ज्या क्लबच्या फर्स्ट टीमकडून उतरायचं म्हणून सातवी-आठवीतल्या पोराने स्वप्न बघितलं असेल त्याच क्लबसाठी. मारली. मग शाइराचा गोल, मग जादा वेळेत पोर्तिलोचा, 3-1, ओव्हिएदो 2001 नंतर पहिल्यांदा ला लीगामध्ये.

तर संपादक साहेब, विनंती एवढीच. मिडफिल्डरवर लिहाल तेव्हा गोल आणि ट्रान्सफरचे आकडे शोधू नका, तिथे काही सापडत नाही. आपल्याकडे लिहिणाऱ्यांपैकी कोणीतरी एकदा सिटीची ती 2015 ची मॅच पूर्ण बघावी, हायलाइट्स नको, आणि त्यावर लिहावं. आणि हे पत्र लांबलंय याची कल्पना आहे. छापताना जागेअभावी कापावं लागलं तर टाचेचा भाग कापा, पेनल्टीचा राहू द्या.

आपला,
क्रीडा पानापासून पेपर उघडणारा एक वाचक